डोंगरातली वेळ : तुमचे अनुभव सांगा

दिवाळी अंकासाठी एक गोष्ट लिहायला घेतली आहे, मनातल्या एका डोंगररांगेची. तिथल्या खिंडीत एक रात्र काढली की खाली गावात बारा वर्षं उलटलेली असतात. दोन प्रकरणं झाली आणि अडले. रांग काल्पनिक असली तरी तिथला चिखल बुटाला लागायला हवा, तो लागेना. मुंबईतली कितीतरी मंडळी शनिवारी रात्री शेवटची कसारा पकडून सह्याद्रीत जातात. डोंगरात तुमची वेळ कधी लांबली, आखडली, थांबली का? बारीकसारीक तपशिलासकट सांगा.

सुरुवात माझ्यापासून. आजी भागवतातली मुचकुंदाची गोष्ट सांगायची. देवांसाठी लढून थकलेला राजा डोंगरातल्या गुहेत झोपला. युगांनंतर बाहेर आला तर माणसं, जनावरं, झाडं, सगळंच लहान झालेलं. त्यावरून त्यानं ओळखलं, कलियुग लागलं. कुणाला न विचारता त्यानं झाडाच्या उंचीवरून काळ ओळखला, हे मला तेव्हापासून फार आवडतं.

घाटकोपरहून

हरिश्चंद्रगड, सप्टेंबर. तोलार खिंड चढून पठारावर आलो आणि धुकं उतरलं. पुढच्याची सॅक दिसेना. एका करवंदीच्या जाळीला कुणीतरी निळी सुतळी बांधलेली होती. ती मागे टाकून चालत राहिलो, तर थोड्या वेळानं तीच सुतळी पुन्हा समोर. तिसऱ्यांदा दिसली तेव्हा कुणीच काही बोललं नाही. मला वाटत होतं दुपार कलली. घड्याळात पाहिलं, पहिल्या सुतळीपासून जेमतेम ४० मिनिटं झाली होती.

धुकं विरल्यावर देऊळ गाठलं आणि केदारेश्वराच्या गुहेत गेलो. पिंडीभोवती कमरेएवढं गार पाणी, आणि चार खांबांपैकी एकच शाबूत. सोबतचे गावातले मामा म्हणाले, एकेक खांब एकेका युगाचा, हा पडला की हे युगही सरलं. एरवी ऐकून सोडून दिलं असतं. त्या दिवशी काठावर उभा राहून त्या खांबाकडे बराच वेळ बघत राहिलो.

मुलुंडहून

मी कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवते. तुमच्या गोष्टीतलं निम्मं खरंच आहे, म्हणून मुद्दाम लिहिते. उंचावर घड्याळ जरा जलद चालतं, कारण तिथं गुरुत्वाकर्षणाचा प्रभाव किंचित कमी असतो. २०१० साली अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी दोन अणुघड्याळांपैकी एक फक्त ३३ सेंटीमीटर वर उचललं आणि हा फरक मोजून दाखवला. कळसूबाई १६४६ मीटर. शिखरावर एक दिवस काढला तर समुद्रसपाटीवरच्या माणसापेक्षा आपण साधारण १५ नॅनोसेकंदांनी पुढे जातो. एक नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग, कुणाला जाणवणार नाही. पण तुमच्या फोनमधलं जीपीएस ज्या उपग्रहांवर चालतं, त्यांची घड्याळं रोज ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ती दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात ठिकाण किलोमीटरांनी चुकेल.

एक लक्षात घ्या, दिशा तुमच्या गोष्टीच्या उलट आहे. वर राहणारा जास्त म्हातारा होतो, खालचा तरुण राहतो. बारा वर्षं वरच्या माणसाची जायला हवीत. तसं लिहून बघा ना!

अंधेरीहून

आमच्या खिडकीतून गिल्बर्ट हिल दिसते. २०० फुटांचा काळा कातळ, उभे खांब एकमेकांना चिकटवून ठेवल्यासारखा, आणि भोवती चहूबाजूंनी इमारती. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा आहे, म्हणजे डायनासोर संपले त्या सुमाराचा. मी सासूबाईंना धरून पायऱ्या चढवत वरच्या देवळात न्यायचे. अर्ध्यावर त्या टेकायच्या आणि कातळावर तळहात ठेवायच्या. ऊन उतरल्यावरही तो कोमट असायचा. आता त्या नाहीत. मी एकटी जाते, त्याच जागी टेकते, हातही तिथंच जातो.

विक्रोळीहून

माझा अनुभव कडू आहे, पण नवीन मुलांसाठी लिहितो. गावातल्या आजोबांना विचारलं, खाली उतरायला किती वेळ? म्हणाले, "दिवस कासराभर हाय तवर पोचाल." आम्ही नुसती मान हलवली. कासराभर म्हणजे बैलाच्या दोरीएवढा, सूर्य क्षितिजापासून तेवढाच वर राहिलेला, हे आमच्यातल्या एकालाही माहीत नव्हतं. आमचा म्होरक्या म्हणाला, दोन तास आहेत, निवांत चला. चूक आमची सगळ्यांची. घळीत उतरलो तर वर कड्यावर लख्ख ऊन आणि आमच्याभोवती काळोख. मित्राचा पाय मुरगळला, बॅटरी एकच. पुढचं अंतर दिवसा अर्ध्या तासाचं, आम्हाला पावणेचार तास लागले. शेवटची एसटी गेली होती. त्याच आजोबांनी ओसरीवर घोंगडी टाकून दिली आणि चहा ठेवला.

डोंगरात वेळ विचारायची तर तिथं राहणाऱ्यालाच विचारावी, आणि उत्तर नीट समजून घ्यावं.

गिरगावातून

छोटंसं. १९०६ पासून देशाची प्रमाणवेळ ठरली तरी मुंबई पुढे कित्येक वर्षं स्वतःचीच वेळ धरून होती, ३९ मिनिटं मागे. वडिलांच्या लहानपणी घरातलं घड्याळ मुंबई टाइमचं, स्टेशनवरचं स्टँडर्ड टाइमचं. माथेरानला निघाले की आजोबा दारात उभं राहून काटे पुढे सरकवायचे. तुमच्या रांगेच्या पायथ्याशी असं एखादं दार ठेवा.

बोरिवलीहून

मी वेळ कारवीवर मोजते. राष्ट्रीय उद्यानात कान्हेरीच्या आसपास उतारांवर कारवी आहे. सात वर्षं नुसती हिरवी, आठव्या वर्षी सगळा उतार एकदम जांभळा. मग बी धरून ती वाळते, मरते. वाळलेल्या काठ्या पाड्यांवर कुडाच्या भिंतींना वापरतात.

माझ्या पहिल्या बहराला मुलगी यांच्या खांद्यावर होती, फुलं ओरबाडू नकोस म्हणून हे तिचा हात धरून ठेवत होते. २०१६च्या बहराला ती आमच्या पुढे चालत होती आणि वळून वळून आम्हाला लवकर चला म्हणत होती. त्यानंतरच्या बहराला मी एकटीच गेले. हे नव्हते, ती परदेशात. फोनवर तिला उतार दाखवला. ती म्हणाली, "आई, जरा खाली धर, मधमाश्यांचा आवाज ऐकू दे." मी फोन फुलांत धरून उभी राहिले. किती वेळ, ते माहीत नाही.

पुढच्या बहराला मी सत्तरीची असेन. चढता यावं म्हणून आत्तापासूनच रोज सकाळी उद्यानात चालायला जाते.