'फाउंड फुटेज'ला मराठीत काय म्हणाल?

ठाणेकर: मंडळी एक शब्द हवाय. दुसऱ्यांनी दुसऱ्याच कारणासाठी काढलेलं चित्रण, म्हणजे लग्नाच्या कॅसेटी, घरगुती रिळं वगैरे, कापून जोडून केलेला प्रायोगिक सिनेमा. आम्ही वाशी-कोपरखैरणेच्या जुन्या व्हीएचएस जमवतोय, नवरानवरीपेक्षा मागे दिसणारी खाडी, मोकळी जमीन, सिडकोच्या अर्धवट बिल्डिंगी यासाठी. पोस्टरवर 'गवसलेलं चित्रण' चालेल का?

वाशीची: गवसलेलं नको. सूर गवसतो, वाट गवसते, म्हणजे आपण त्याच्या मागे असतो. लग्नाच्या कॅसेटीतली खाडी कोणी शोधत नव्हतं ना, शूटिंगवाल्याला ती दिसली पण नसेल. सापडलेलं म्हणा, आणि सापडायला आधी काहीतरी हरवावं लागतं, ते तुमच्या विषयाला फार जवळचं आहे.

खाडीकाठ: 'आयतं चित्रण'? दुसऱ्याने काढलेलं आहे हे त्यात लगेच कळतं.

ठाणेकर: आयतं म्हटलं की आयत्या बिळावर नागोबा. मेहनत सगळी पुसली जाते. अमेरिकन कलाकार जोसेफ कॉर्नेलने 1936 मध्ये 'ईस्ट ऑफ बोर्नियो' या हॉलिवूडपटाची प्रिंट कापली, मुख्यतः नायिका रोझ हॉबर्टचेच शॉट ठेवले, गोष्ट जवळजवळ काढूनच टाकली आणि निळ्या काचेतून दाखवलं, याला आयतं कसं म्हणायचं?

खाडीकाठ: पटलं. पण त्याने ती प्रिंट विकत घेतलेली, मग सापडलेलं तरी कसं?

वाशीची: बाजारात पण वस्तू सापडतेच की दादा, "बरी सापडली तुला ही साडी" म्हणतोच आपण. आणि अक्षरशः जमिनीतून निघाल्याचं उदाहरण पण आहे, कॅनडात डॉसन सिटीला 1929 मध्ये जुन्या स्विमिंग पूलमध्ये भराव म्हणून पुरलेली 500 हून जास्त रिळं 1978 मध्ये खोदकामात निघाली, थंडीने टिकली होती, तीच वापरून दिग्दर्शक बिल मॉरिसनने 2016 ला त्या गावाचाच सिनेमा केला. दोन्हीकडे सापडलेलं हाच शब्द बसतो.

खाडीकाठ: मग फुटेजचं मराठी कशाला, फुटेज राहू द्या.

वाशीची: नको हो, आपल्याकडे फुटेज म्हटलं की एकतर सीसीटीव्ही नाहीतर "फार फुटेज खातो तो". मूळ अर्थ फुटात मोजलेली फिल्म, 35 एमएमचे 90 फूट म्हणजे 1 मिनिट, पण तुमच्या कॅसेटी कोण फुटात मोजणार! शिवाय फाउंड फुटेज म्हटलं तर तरुण मुलं भुताचा सिनेमा समजून येतील, त्या प्रकारालाही तेच नाव पडलंय.

ठाणेकर: ठरलं ताई, 'सापडलेलं चित्रण', आणि त्याखाली ज्या घरांनी कॅसेटी दिल्या त्या सगळ्यांची नावं, त्यांना विचारून.