हवाईच्या पुराणकथा वाचायच्या आहेत, सुरुवात कुठून करू?

पारिजातक

नमस्कार मंडळी. आमच्या सोसायटीच्या छोट्या वाचनालयात मी रविवारी मुलांना गोष्टी सांगते. वयं साधारण आठ ते बारा. ग्रीक कथा झाल्या, नॉर्स झाल्या. आता सगळ्यांनी सिनेमात माउई हा अर्धदेव नायक पाहिलाय, त्यामुळे हवाई बेटांच्या गोष्टी हव्यात असा आग्रह आहे. मी एक पातळसं इंग्रजी पुस्तक मागवलं. दोन-दोन पानांच्या गोष्टी, जवळपास प्रत्येकीत एक सुंदर राजकन्या आणि एक ताटातूट. डोंगराचं नाव नाही, गावाचं नाव नाही, ही गोष्ट कोण कोणाला सांगत आलं याचा पत्ता नाही. एवढ्या भांडवलावर मुलांसमोर बसायला मन घेत नाही.

तर सल्ला हवाय. आधी मला स्वतःला नीट वाचायचंय, त्यासाठी मुख्य पुस्तक कोणतं? मुलांना सांगण्याजोग्या कथा कोणत्या? आणि नेटवर मोफत काय मिळेल? इंग्रजी जड असलं तरी चालेल.

चकोर

मार्था बेकविथ यांचं १९४० सालचं 'हवाईयन मायथॉलॉजी'. डोळे झाकून घ्या. देव, नायक, भुतंखेतं, सरडे, शार्क, सगळं एकाच ठिकाणी आहे. बाई माउई बेटावर वाढलेल्या, त्यामुळे ऐकीव माहितीवरचं लेखन नाही. इंटरनेटवर वाचायलाही मिळतं.

दर्यावर्दी

चकोर, पुस्तकाबद्दल सहमत, पण सुरुवातीला ते नको. तो कोश आहे. एकेका कथेच्या पाच-सहा आवृत्त्या दोन-दोन ओळींत येतात आणि नवख्याला सगळी नावं सारखीच वाटायला लागतात. बाजूला ठेवून संदर्भाला उघडायचं पुस्तक आहे ते.

पारिजातकताई, मी नोकरीनिमित्त काही वर्षं होनोलुलूत होतो आणि या कथांनी मला धरून ठेवलं ते आजतागायत. माझा सल्ला एकच: पेले आणि हिइआका यांच्या आख्यानापासून सुरू करा. बाकी सगळं त्याच्या आजूबाजूला आपोआप लागत जातं.

पेले ही ज्वालामुखीची देवी. ती काहिकी नावाच्या दूरच्या देशातून होडीने येते. वाट दाखवायला भाऊ कामोहोआलिई, तो शार्कदेव. मागावर थोरली बहीण नामाकाओकाहाई, ती समुद्राची देवी. पेले काउआई बेटावर आपल्या आगीसाठी खड्डा खणते, पाणी शिरून आग विझते. ओआहूवर खणते, तेच. मोलोकाई, माउई, तेच. माउईवर हाना गावाजवळ दोघींची गाठ पडते आणि पेलेच्या देहाचे तुकडे होतात. तिची हाडं म्हणून दाखवतात ती टेकडी आजही तिथे आहे, का-इवी-ओ-पेले. देह गेल्यावर ती हवाई नावाच्याच मोठ्या बेटावर जाते आणि किलाउएआ ज्वालामुखीच्या हालेमाउमाउ विवरात कायमची वस्ती करते. आता नकाशा उघडा. काउआई सुमारे ५० लाख वर्षं जुनं, हवाई बेट १० लाखांच्या आतलं, आणि मधली बेटं त्याच ओळीने तरुण होत जातात. पेलेचा प्रवास आणि भूगर्भशास्त्राने लावलेला क्रम एकच आहे. मुलांना हे नकाशावर बोट ठेवून सांगा.

मग खरं आख्यान. पेले स्वप्नात ढोल ऐकते, त्या आवाजामागे जात काउआईवर हाएनाला पोचते आणि लोहिआऊ नावाच्या राजपुरुषावर तिचं मन बसतं. जागी झाल्यावर ती धाकट्या बहिणीला, हिइआकाला, त्याला आणायला पाठवते. मुदत ४० दिवस. हिइआकाची अट: माझं लेहुआ फुलांचं वन आणि माझी मैत्रीण होपोए यांना हात लावायचा नाही. पेलेची अट: लोहिआऊला जवळ घ्यायचं नाही. वाटेत पानाएवाच्या रानात राक्षसी सरड्याशी लढाई होते, तिकडे पोचेपर्यंत लोहिआऊ मेलेला असतो. हिइआका त्याचा भटकता जीव पकडून मंत्र म्हणत म्हणत पायाकडून देहात परत घालते. या सगळ्यात मुदत टळते. परतीच्या वाटेवर ओआहूच्या पोहाकेआ खिंडीतून तिला दूर क्षितिजावर धूर दिसतो. तिचं वन जळतंय आणि होपोएचा दगड झालाय. त्या जागी उभं राहून ती जे गाते ते वाचताना मला दर वेळी थांबावं लागतं. शब्द तिनं पाळला, मोडला तो बहिणीनं. आणि तरी ती लोहिआऊला विवराच्या काठापर्यंत आणते आणि तिथे, पेलेच्या डोळ्यांदेखत, त्याला मिठी मारते.

ताटातुटीच्या दोन पानी गोष्टींत हे मावणारच नाही. यात मुख्य नातं दोन बहिणींचं आहे, प्रियकर निमित्ताला. पातळ पुस्तकं नेमकं हेच उलटं करतात.

कोणती आवृत्ती? मोफत हवी तर नॅथॅनिएल एमर्सन यांची १९१५ ची. ते मिशनरी घरात जन्मलेले डॉक्टर, भाषा जाणणारे. पण इंग्रजी त्या काळचं, भरजरी. ऐपत असेल तर होओउलुमाहिएहिए या लेखकाची आवृत्ती घ्या. ती १९०५-०६ मध्ये 'का नाई आउपुनी' या हवाईयन भाषेतल्या वर्तमानपत्रात क्रमशः छापून आली होती. पुआकेआ नोगेलमायर यांनी तिचा इंग्रजी अनुवाद केला आणि २००६ मध्ये ती ग्रंथरूपात आली. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी हवाईयन माणसं रोज पेपर उघडून 'पुढे काय झालं' म्हणून जी कथा वाचत होती, तीच आपण वाचतो. त्यात मंत्रगीतं पूर्ण आहेत, वाटेवरच्या प्रत्येक डोंगराचं, वाऱ्याचं, पावसाचं नाव आहे. तुम्हाला हवा तो पत्ता इथे मिळेल.

आणि हे लक्षात असू द्या, १८३४ पासून पुढे शतकभर हवाईयन भाषेत वर्तमानपत्रांची मोठी परंपरा होती. लोकांनी आपल्या कथा तिथे स्वतः लिहून ठेवल्या. १८९६ मध्ये कायद्याने शाळेचं माध्यम इंग्रजी झालं आणि पुढच्या पिढ्यांच्या तोंडून भाषा गेली, तरी हे कागद राहिले. आज 'उलुकाऊ' या ऑनलाइन ग्रंथालयात यातलं पुष्कळ मोफत आहे. म्हणून कोणतंही पुस्तक घेताना आधी एवढंच बघा, की त्यानं हे मूळ कागद वापरलेत का.

पारिजातक

दर्यावर्दीदादा, काय लिहिलंत! एमर्सन आजच उतरवून घेते. मिठीचा प्रसंग आठ वर्षांच्या मुलांना कसा सांगायचा हे बघावं लागेल, पण बहिणींची गोष्ट त्यांना कळेल. घरोघरी बहिणी आहेतच.

गोदातीर

मुलांसाठी माझी यादी वेगळी. पेले नंतर ठेवा, आधी माउईच घ्या, कारण तो त्यांच्या ओळखीचा आहे. पण सिनेमातला नको, बेटांवरचा घ्या. त्याची आई हिना झाडाच्या सालीचं कापड, कापा, करते. दिवस इतका छोटा की ते वाळतच नाही. म्हणून माउई हालेआकालाच्या शिखरावर दबा धरून बसतो, सूर्य वर आला की त्याचे किरणपाय एकेक करून दोरांनी बांधतो आणि हळू चालायचं वचन घेऊन सोडतो. आईचं ओलं कापड वाळावं म्हणून सूर्याशी भांडण! याहून चांगलं कारण मुलांना कोणतं लागतं?

दुसरी, आगीची. आग कशी पेटवायची हे अलाए पाणकोंबड्यांनाच ठाऊक असतं आणि माउई समुद्रावर गेला की मगच त्या पेटवतात. तो होडीत आपल्याऐवजी दुसरंच काहीतरी उभं करून त्यांना फसवतो, एकीला पकडतो. ती खोटंनाटं सांगत राहते, शेवटी खरं सांगते, आणि चिडलेला माउई जळतं लाकूड तिच्या कपाळावर घासतो. म्हणून तिच्या कपाळावर लाल पट्टा. पक्ष्याचं चित्र सोबत न्या.

तिसरी हालोआची, ती सगळ्यात महत्त्वाची. आकाशपिता वाकेआ आणि होओहोकूकालानी यांचं पहिलं बाळ मृत जन्मतं. घराशेजारी पुरतात, तिथून एक रोप येतं, वाऱ्यावर थरथरणाऱ्या पानांचं. तो कालो, म्हणजे आपलं अळूच. दुसरं मूल माणूस, त्याचंही नाव हालोआ. म्हणजे अळू थोरला भाऊ, माणूस धाकटा. थोरल्यानं धाकट्याला पोसायचं, धाकट्यानं थोरल्याची निगा राखायची. तिथे अळूचे कंद भाजून, दगडाने कुटून पोई करतात. पोईचं भांडं उघडलं की घरात भांडण करायचं नाही, हालोआ समोर असतो, अशी रीत. वर्गात कुंडीतलं अळू आणि दोन अळकुड्या घेऊन जा, मुलं हात लावून बघतील.

चकोर

गोदातीर, होओहोकूकालानी ही वाकेआची स्वतःची मुलगी आहे, ते सांगायचं का मुलांना?

गोदातीर

आठ ते बारा वयाला मी नाही सांगत. आई-वडील म्हणून दोन नावं घ्यायची आणि पुढे जायचं. कथेचा गाभा भावांच्या नात्यात आहे, तो शाबूत राहतो. मोठ्यांनी मात्र ते गाळून वाचू नये. राजघराण्यांच्या वंशावळ्यांचा सगळा अर्थ त्यात आहे.

चित्रांसाठी केरन लोबेल-फ्रीड यांचं रक्षक आत्म्यांच्या कथांचं पुस्तक बघा, हवाई विद्यापीठाच्या प्रकाशनाने २००२ मध्ये काढलेलं. ठसाचित्रं आहेत, ठळक, मागच्या रांगेतूनही दिसतील. पूर्वज शार्क होऊन, घुबड होऊन घराची राखण करतात त्या आउमाकुआंच्या कथा आहेत त्यात.

रानवाटा

धाग्यात जरा घुसतो. पुढच्या उन्हाळ्यात हवाईच्या मोठ्या बेटावर जातोय. ज्वालामुखी उद्यान नक्की आहे. जाण्याआधी काय वाचू? आणि लाव्हाचा दगड आणला तर पेलेचा शाप लागतो म्हणतात, ते जुनं आहे का?

दर्यावर्दी

दगड आणू नकाच, राष्ट्रीय उद्यानात कायद्यानेच मनाई आहे. पण 'शाप' जुन्या परंपरेतला नाही, तो विसाव्या शतकात पर्यटकांमध्ये पसरलेला समज. लोक घाबरून दगड टपालाने उद्यानाला परत पाठवतात. जुनी रीत वेगळी होती. विवराजवळ ओहेलोची लाल बोरं लागतात, ती आधी पेलेला वाहायची आणि मग खायची. १८२४ मध्ये कापिओलानी ही ख्रिस्ती झालेली सरदारीण न वाहता ती खाऊन दाखवायला मुद्दाम विवरापर्यंत चालत गेली. त्या कृतीचं वजन रीत ठाऊक असेल तरच कळतं.

जाण्याआधी पेले आणि डुक्करदेव कामापुआआ यांचं भांडण वाचा. शेवटी बेट वाटून घेतात: हिलो, हामाकुआ, कोहाला ही पावसाची बाजू त्याची, पुना, काऊ, कोना ही लाव्हाची आणि कोरडी बाजू तिची. गाडीने बेटाला वळसा घातलात की ही वाटणी खिडकीतून दिसते. दुसरी, मौना केआ पर्वतावरच्या बर्फदेवी पोलिआहूची. ती आणि पेले हामाकुआच्या उतारावर घसरगाडीची शर्यत लावतात, पेले हरताना लाव्हा सोडते, पोलिआहू बर्फाने तो गोठवते.

उद्यानात वाऱ्यावर आलेले काचेचे सोनेरी तंतू दिसतील, केसांएवढे बारीक. त्यांना पेलेचे केसच म्हणतात. हाताळू नका, टोचतात. हिलो शहरात इमिलोआ केंद्राला अर्धा दिवस द्या. तिथे खगोलशास्त्र आणि हवाईयन परंपरा शेजारी शेजारी मांडली आहे, फलक दोन्ही भाषांत.

आणि एक विनंती. 'प्राचीन हवाईयन गुप्तविद्या' म्हणून हूना नावाची पुस्तकं विमानतळापासून सगळीकडे दिसतील. १९३० च्या दशकात एका अमेरिकन माणसाने रचलेली ती पद्धत आहे, परंपरेतून आलेली नाही. त्या वाटेला जाऊ नका.

चकोर

मोफत हवंय म्हणता तर 'कुमुलिपो' कसं काय कोणी सुचवलं नाही? सृष्टीच्या उत्पत्तीचं मंत्रकाव्य, २,१०२ ओळी, १६ पर्व. पहिली सात रात्रीची, आठव्यापासून उजेड आणि माणूस. सगळ्यात आधी जन्मतो तो प्रवाळाचा इवला जीव. मग समुद्रात एक शेवाळ जन्मलं की जमिनीवर त्याच्या राखणीला एक वनस्पती, अशा जोड्या लागत जातात. राजा कालाकाउआने ते १८८९ मध्ये छापलं. त्याची बहीण राणी लिलिउओकलानी हिचं राज्य १८९३ मध्ये उलथवलं गेलं. १८९५ मध्ये तिच्याच राजवाड्यात तिला कैदेत ठेवलं, तेव्हा तिने या काव्याचं इंग्रजी भाषांतर केलं. १८९७ मध्ये बॉस्टनला छापलं गेलं, आज मोफत उपलब्ध आहे. आपल्या घराण्याची वंशावळ विश्वाच्या पहिल्या रात्रीपर्यंत नेणारं काव्य, आणि ते कैदेत बसून परक्या भाषेत आणणारी राणी. पारिजातकताई, हे मुलांसाठी नाही, तुमच्यासाठी. बेकविथबाईंचं १९५१ चं सटीप भाषांतर सोबत ठेवा.

पारिजातक

सगळ्यांचे मनापासून आभार. ठरलं ते असं: पहिल्या रविवारी माउई आणि सूर्य, आणि वेळ उरला तर पाणकोंबडी. दुसऱ्या रविवारी हालोआ, अळूची कुंडी घेऊन. पेले-हिइआका दोन रविवारांत, होपोएचं वन जळतं तिथे पहिला भाग थांबवायचा. स्वतःसाठी एमर्सन आणि कुमुलिपो. अनुवादाच्या पुस्तकासाठी पैसे बाजूला टाकते.

शेवटचा प्रश्न. ही आख्यानं गायली-नाचली जातात ना? मुलांना ऐकवायला काय शोधू?

दर्यावर्दी

हिलोमध्ये दर वर्षी ईस्टरच्या आठवड्यात मेरी मोनार्क महोत्सव भरतो, राजा कालाकाउआच्या नावाचा. तिथल्या हुला स्पर्धेचे व्हिडिओ नेटवर आहेत. 'काहिको' असं लिहून शोधा, म्हणजे जुन्या पद्धतीचा हुला मिळेल. 'आउआना' म्हणजे गिटार-युकुलेलेवरचा नवा, तो तुम्हाला आत्ता नको. पेलेवरचे हुला पुष्कळ सापडतील. वाद्यं दोन बघा: भोपळ्याचं इपू आणि शार्कच्या कातड्याने मढवलेला पाहू ढोल. पेलेने स्वप्नात ऐकला तो ढोलच, म्हणून गोष्ट आधी सांगा आणि व्हिडिओ नंतर लावा. मंत्राचे शब्द कळले नाहीत तरी नर्तकांचे हात बघायला सांगा, लेहुआचं फूल, पाऊस, धूर सगळं हातांत आहे. आणि ज्या संघाची ओळख देताना आधी कथा सांगतात तो व्हिडिओ निवडा, तेवढी इंग्रजी मुलांना समजेल.