मदत हवी आहे: तुटलेल्या तारेने मृत्यू, वीज कंपनी म्हणते 'आकड्यामुळे झालं'

नमस्कार मंडळी. माझ्या मावसबहिणीचे यजमान (वय 34) मागच्या महिन्यात गेले. नागपुरात हुडकेश्वरकडे राहायचे, पुट्टी-पेंटिंगची कामं घ्यायचे. वादळी पाऊस थांबल्यावर दूध आणायला निघाले. गल्लीत खांबावरची तार तुटून चिखलात पडली होती, ती अंधारात दिसली नाही. शेजाऱ्यांनी डीपीवरून सप्लाय बंद केल्यावरच त्यांना बाजूला काढता आलं.

इंजिनीअर म्हणतात, मागच्या ले-आउटमधल्या कुणीतरी वीजचोरीसाठी तारेवर आकडा टाकला होता, त्याच्या ओढीने तार तुटली, आमचा दोष नाही. तरी 'माणुसकी म्हणून' काही रक्कम देऊ, कागदावर सही करा. कागदात 'यापुढे कोणताही दावा करणार नाही' असं लिहिलंय. ताईला दोन लहान मुलं, घरी सासू. ती म्हणते, मिळतंय ते घेऊन टाकू. तारेला झोळ आल्याची तक्रार गल्लीने उन्हाळ्यातच केली होती, त्याचे मेसेज आहेत.

सही करावी का? आकडा खरंच असेल तर केस संपली का? आणि जायचं कुठे, ग्राहक तक्रार मंचात?

कोर्टपक्षी:
सही करू नका. रक्कम घ्यायचीच तर 'हक्क राखून स्वीकारली' असं लिहून घ्या.

आकड्याचा बचाव जुना आहे. मध्य प्रदेश वीज मंडळ विरुद्ध शैल कुमारी या खटल्यात मंडळाने हेच सांगितलं होतं: कुणीतरी वीजचोरीसाठी तार ओढली, सायकलवरून जाणारा माणूस तिला लागून गेला, आम्ही काय करणार? सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये ते मानलं नाही. वीज ही मुळातच धोक्याची वस्तू, ती पुरवणाऱ्यावर स्ट्रिक्ट लायबिलिटी येते. निष्काळजीपणा वेगळा सिद्ध करावा लागत नाही, तिऱ्हाइताकडे बोट दाखवून सुटताही येत नाही. तुमच्याकडे तर झोळाची तक्रारही आहे, ते मेसेज सांभाळा.

वीज कंपनीच्या ग्राहक तक्रार निवारण मंचात चपला झिजवू नका, अपघाताची प्रकरणं त्यांच्या कक्षेत येत नाहीत. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करता येते, पण तथ्यांवर वाद असला की 'दिवाणी कोर्टात जा' असं सांगितलं जाऊ शकतं. तुमच्याकडे आकड्याचा वाद आहेच. त्यामुळे 1855 च्या घातक अपघात कायद्याखाली दिवाणी दावा बरा. मुदत मृत्यूपासून 2 वर्षं.

आकड्याचा अंदाज (इथे रुपयांचा!): कोर्टं बहुधा मोटार अपघाताचीच पद्धत लावतात. महिना 15 हजार कमाई धरली तर वर्षाचे 1,80,000. स्वतःचा धंदा आणि वय 40 च्या आत, म्हणून पुढे वाढली असती त्या कमाईसाठी 40 टक्के वाढ, 2,52,000. अवलंबून चौघं, म्हणून त्यांच्या स्वतःच्या खर्चाचा एक चतुर्थांश वजा, 1,89,000. या वयाला गुणक 16. झाले 30,24,000. आता इंजिनीअरच्या कागदावरची रक्कम बघा.

जुना_वायरमन:
तार पडूनही लाइन चालू राहते, कारण ओल्या मातीतून जाणारा करंट कधी कधी फ्यूज उडवण्याइतका नसतो. त्यात डीपीत फ्यूजच्या जागी जाड तार बांधली असेल तर बघायलाच नको. रस्त्यावरची लाइन तुटली तर ती निर्धोक व्हावी अशी व्यवस्था केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या नियमांतच सांगितली आहे. तुटलेली तार अडवणारं गार्डिंग होतं का, त्या डीपीचे फोटो कुणी काढलेत का? दुरुस्ती झाली की पुरावा गेला, बाप्पा.

मोकळा_श्वास:
कोर्टात वर्षं निघून जातात. पोरांच्या फीचं काय? घ्या पैसे.

कोर्टपक्षी:
वेळ जातो, खरंय. पण वकिलाच्या फीचं ओझं नको असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. 1987 च्या कायद्याने बाईला उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. त्याआधी विद्युत निरीक्षकांचा चौकशी अहवाल मागा, कंपनीच्या चौकशीवर विसंबू नका. देत नसतील तर माहितीच्या अधिकारात अर्ज टाका. मर्गचे (अकस्मात मृत्यूच्या नोंदीचे) कागद, घटनास्थळाचा पंचनामा आणि पीएम (शवविच्छेदन) रिपोर्टची प्रत पोलिसांकडून घ्या. पंचनाम्यात तारेचा तुकडा जप्त दाखवलाय का?

धागाकर्ती:
तार जप्त झाली की नाही, कुणालाच माहीत नाही. लाइनमन ती गुंडाळून घेऊन गेले असं शेजारच्या काकू सांगतात. उद्या ठाण्यात जाते. काकूंचा जबाब आत्ताच नोंदवून घेता येईल का? आणि भाऊजींच्या कमाईची पावती एकही नाही, सगळा रोखीचा व्यवहार होता. दुकानदारांनी लेखी दिलं तर कोर्टात चालेल का?