डोंगर भारी येतात पण माणसं कटआउट वाटतात, काय चुकतंय?

कोथरूडकर_०७:
नमस्कार मंडळी, लग्नांचे व्हिडिओ करून पोट भरतो, एफटीआयआयशी (पुण्यातली फिल्म इन्स्टिट्यूट) संबंध इतकाच की लॉ कॉलेज रोडवरून रोज गाडी जाते. ऑक्टोबरमध्ये मित्राच्या डॉक्युमेंट्रीसाठी हिमाचलमधल्या स्पितीला जायचंय, विषय डोंगर आणि तिथली माणसं. सरावाला वेल्ह्याकडे एका धनगरवाड्यावर शूट केलं, तोरणा मस्त आला पण माणसं पुढे कटआउट उभा केल्यासारखी. १६-३५ची वाइड लेन्स आहे. ड्रोन घेऊ का?

घाटमाथा:
ड्रोन राहू दे रे आधी. वाइडनं मागचा डोंगर बारका होतो आणि माणूस तेवढा पुढे उगवतो. ७०-२००ची लाँग लेन्स (लांबचं जवळ आणणारी) भाड्याने घे, वीस-पंचवीस पावलं मागे जा आणि माणूस फ्रेममध्ये आधीएवढाच ठेव, तोरणा त्याच्या खांद्यावर येऊन बसेल. फक्त लाँग लेन्सला वारा फार जाणवतो, ट्रायपॉडला बॅग अडकवलीस तर ती जमिनीला टेकू दे नाहीतर झोके खात बसते.

रानवाटा:
लेन्सचं ठीक आहे हो, पण तुम्ही "काका जरा इकडे उभे राहा" म्हणाला असणार, खरं सांगा! उतारावर कामाशिवाय कोण उभं राहतं? म्हशीच्या पोटाला कपाळ टेकवून दूध काढणारी बाई घ्या, धार संपल्यावर ती उठून कुठे बघते तेही घ्या, डोंगर आपोआप येतो त्यात. स्पितीत ऑक्टोबरपर्यंत जव-मटार निघालेले असतात, मग हिवाळ्यासाठी घरांच्या सपाट छपरांवर चारा-सरपण रचलेलं दिसेल. त्या कामाला थोडा हात लावा आधी, कॅमेरा नंतर. आणि गोंपात (बौद्ध मठात) विचारल्याशिवाय काढूच नका.

लाईटवाला_बंड्या:
दोघांनाही +१. उन्हाचं सांगतो, दरीत ॲपमधला सूर्योदय धरून बसू नकोस, ऊन कड्यावरून गावात उतरेपर्यंत बराच वेळ जातो आणि संध्याकाळी तसंच लवकर जातं. दुपारी सावल्या काळ्याकुट्ट पडतात, तेव्हा माणसांना दारात किंवा घरात घे, एक्स्पोजर (उजेडाचं माप) चेहऱ्याचं ठेव आणि बाहेरचा डोंगर पांढराफटक झाला तर होऊ दे. २५ फ्रेमला १/५० शटर म्हणजे एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी काच) हवाच. पोलरायझर (चकाकी कमी करणारा फिल्टर) वाइडला नको, निळ्या आकाशात एकाच बाजूला गडद पट्टा येतो. बॅटऱ्या रात्री अंथरुणात घेऊन झोप, थंडीत भराभर उतरतात. बाहेरून गरम खोलीत जाताना कॅमेरा आधीच पिशवीत घट्ट बंद कर नाहीतर लेन्सवर पाणी धरतं.

कोथरूडकर_०७:
"इकडे उभे राहा" 😅 शब्दशः हेच म्हणालो होतो ताई. रविवारी परत वेल्हे. जाताना मनालीवरून जाऊ का?

घाटमाथा:
शिमला-किन्नौरवरून जा, उंची हळूहळू चढते. मनालीवरून गेलास तर सुमारे ४५०० मीटरचा कुंझुम घाट लगेच येतो आणि बर्फ लवकर पडलं तर तो रस्ता बंद. ड्रोन न्यायचाच असेल तर डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन साइटवर उडवायची परवानगी असलेला झोन बघून घे, तिबेटची सीमा जवळ आहे.

लाईटवाला_बंड्या:
आणि भाड्याची लेन्स घेताना आत टॉर्च मारून बघ, पावसाळ्यानंतर पुण्यात अर्ध्या लेन्सना बुरशी असते.