मदत हवी आहे : शाळेने तोंडी सांगून कामावरून काढलं, दाद कुठे मागायची?

नमस्कार. माझा धाकटा दीर महाराष्ट्रातल्या एका खाजगी अनुदानित शाळेत अकरा वर्षं प्रयोगशाळा सहायक आहे. जागा कायम, शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यताही आहे. १९ दिवसांपूर्वी सही करायला गेला, तर नव्या मस्टरमध्ये त्याचं नावच नाही. खालच्यांचे अनुक्रमांक वर सरकवलेले. मुख्याध्यापक म्हणाले, "संस्थेचा निरोप आहे, येऊ नका." कागद काहीच नाही. आता राजीनामा द्या, अनुभवाचा दाखला चांगला देऊ, असे निरोप येतात. घरात काहींना ते पटतंय, मला नाही. लेखी आदेश नसताना अपील होतं का? शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज दिलाय, उत्तराची वाट पाहू का?

प्रतिसाद :
ताई, अजिबात थांबू नका. १९७७ च्या खाजगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील करा. मुदत ३० दिवसांची आणि शिक्षणाधिकाऱ्यांकडच्या अर्जाने ती थांबत नाही. उशीर माफ होतो, पण सबळ कारण दाखवावं लागतं. कलमात 'अन्य प्रकारे सेवा संपवणे' हेही आहे, त्यामुळे तोंडी काढलं तरी अपील होतं.

राजीनामा मात्र देऊ नका. मला ऑफिसात कोरा कागद आणि पेन पुढे ठेवून सव्वा तास बसवलं होतं. लिहिलं नाही, म्हणूनच पुढे लढता आलं.

आजच संस्थेला रजिस्टर पत्र टाका : अमुक तारखेपासून मला सही करू दिली नाही, मी कामावर यायला तयार आहे. पोचपावती जपा. नेमणूकपत्र, मान्यतेचं पत्र, पगाराच्या नोंदी गोळा करा. गैरवर्तनाचा आरोप असेल तर १९८१ च्या नियमांप्रमाणे आरोपपत्र आणि तिघांची चौकशी समिती लागते. त्यातला एक कर्मचाऱ्याने निवडलेला असतो. इथे तसं काहीच झालेलं दिसत नाही.

सध्या दुसरीकडे नोकरी नाही, हेही अपिलात लिहायला वकिलांना सांगा. मागच्या पगारासाठी, म्हणजे कामावरून दूर ठेवलं त्या काळाच्या पगारासाठी, ते लागतं. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कायद्याखालच्या एका शिक्षिकेला पूर्ण मागचा पगार मिळवून दिला, तिथे हाच मुद्दा होता.

धागाकर्ती :
दादा, खूप आभार. पत्र लिहून झालं, दुपारी पोस्टात जातोय. राजीनाम्याचा विषय घरात बंद केला. नेमणूकपत्राची फक्त झेरॉक्स आहे, मूळ प्रत संस्थेकडे. अपिलासोबत झेरॉक्स चालेल का?