एका फिल्मला १४ वर्षं: चिकाटी की चैन?

भटका वाचक: माहितीपटकार आनंद पटवर्धनांची 'जय भीम कॉम्रेड' काल पुन्हा पाहिली. ११ जुलै १९९७ला मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगर या दलित वस्तीत पोलिसांनी गोळीबार केला, दहाजण गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी गळफास घेतला. तिथून सुरू झालेली फिल्म पुरी झाली २०११मध्ये! आदर आहेच हो, पण घरभाडं आणि पोरांची फी भरणाऱ्याला हे कसं झेपायचं? तीन महिन्यांत उरकून चॅनेलला दिली असती, तर वेळेवर चार लोकांनी पाहिली तरी असती.

नाक्यावरचा: तीन महिन्यांत दाखवणार काय होतात? गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या फौजदाराला सत्र न्यायालयानं जन्मठेप सुनावली २००९मध्ये, नंतर त्याला जामीनही मिळाला. खटलाच बारा वर्षं रखडला तर फिल्मवाल्यानं घाई करून जायचं कुठे? आणि चॅनेलचं म्हणाल तर, पटवर्धनांच्याच 'राम के नाम'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही दूरदर्शन दाखवायला तयार नव्हतं. कोर्टात भांडून दाखवायला लावली. त्यांच्या 'वॉर अँड पीस'मध्ये सेन्सॉरनं २१ कट सुचवले, २००३मध्ये हायकोर्टानं ती एकाही कटाशिवाय मोकळी केली.

सुमन_ता: तेच तर खटकतं. हायकोर्टाची पायरी चढायला इंग्रजी, वकील, ओळखी लागतात. परभणीच्या पोराला तशी नोटीस आली तर तो निमूट कट घेईल. पटवर्धनांच्या वाटेनं जायचं तर आधी त्यांच्यासारखं घर पाठीशी हवं. शिवाय दलितांची गोष्ट दरवेळी दुसऱ्यानंच का सांगायची?

नाक्यावरचा: ताई, कोर्टाच्या निकालाचा आधार उद्या त्या परभणीच्या पोरालाही घेता येतो की. आणि पटवर्धनांची घोगरेंशी ओळख गोळीबारानंतरची नाही. पटवर्धनांच्या १९८५च्या 'हमारा शहर'मध्ये घोगरेंचं गाणं आहे.

सुमन_ता: आधार घ्यायलाही वकीलच लागतो, दादा! गाणं घोगरेंचं, एडिटिंग टेबल कुणाचं?

चाळकरी: मी वस्तीत पाहिली ही फिल्म. दोन बांबूंना चादर ताणलेली, वारा आला की पडद्यावरची माणसं हलायची. तीन तासांच्या आसपासची फिल्म, वाटलं निम्मे उठून जातील. घोगरेंचा आवाज आला आणि माझ्या पुढची म्हातारी पुटपुटत साथ द्यायला लागली. एडिटिंग कुणी केलं, हे तिथं कुणी विचारलं नाही. सुमनताईंचा प्रश्न खोटा ठरतो असं मात्र नाही.

भटका वाचक: निकालाचा मुद्दा मान्य, तीन महिन्यांचं माझं बोलणं मागे घेतो. पैशाचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही. माझ्या भाच्यानं सफाई कामगारांचं चाळीस तासांचं शूटिंग केलंय. सध्या तो लग्नाचे व्हिडिओ काढतो, आणि हार्ड डिस्क आईच्या कपाटात साड्यांखाली आहे.