डॉक्युमेंटरीच्या एडिटरला लेखनाचं श्रेय मिळायला हवं का?

रीळवाला, ओशिवरा
माझं मत: हवंच. कथापटात पटकथा आधी असते, आमच्याकडे ती एडिटिंगच्या टाइमलाइनवर सापडते. मागच्या वेळी 140 तासांचं फुटेज, फिल्म 72 मिनिटांची. रशेस, म्हणजे ते कच्चं फुटेज, बघून लॉगिंग (कुठे काय आहे त्याच्या नोंदी) करण्यातच दोन महिने गेले. त्यात एका गिरणी कामगाराच्या विधवेची मुलाखत. "आता काही आठवत नाही," म्हणतात आणि शिलाई मशीनच्या चाकावर हात ठेवून अकरा सेकंद गप्प. शूटवर कुणाच्या लक्षातही आलं नव्हतं. फिल्म तिथूनच सुरू होते. नावापुढे मात्र नुसतं 'संकलन'. घरभाडं अजून लग्नाच्या व्हिडिओंवरच निघतं, ते वेगळं.

तिसरा_कप
अकरा सेकंद तुम्हाला सापडले, मान्य. पण दिग्दर्शिका वर्षभर त्या घरी जाऊन बसली, म्हणून त्या बाई कॅमेऱ्यासमोर गप्प राहू शकल्या ना? ते कुठल्या खात्यात मांडणार? निवडणं म्हणजे लिहिणं नव्हे. आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड' या डॉक्युमेंटरीचं 14 वर्षं चित्रीकरण केलं आणि संकलनही स्वतःच केलं.

रीळवाला
अहो, तेच म्हणतोय! दोन्ही कामं एकाच माणसाकडे असली की त्याला फिल्म घडवणं म्हणतात. वेगळी झाली की माझ्या वाट्याचं ते तांत्रिक.

लोअर_परळकर
पटकथाकार सलीम-जावेदनी 'जंजीर'च्या पोस्टरांवर स्वतःची नावं रंगवून घेतली होती. रीळवाले, एक रंगारी बघा.

पेडर रोडचा म्हातारा
मी फिल्म्स डिव्हिजनमध्ये होतो, सरकारी डॉक्युमेंटरी काढायचो. 1948 ची संस्था, 2022 मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली. थिएटरात पिक्चरच्या आधी आमच्या फिल्म लागायच्या, लोक तेवढ्यात वडा खाऊन यायचे. माझ्या वाट्याला आलेल्या बहुतेक फिल्मचं निवेदन आधी मंजूर होऊन यायचं; स्टीनबेकवर, म्हणजे रीळ कापायच्या टेबलावर, बसून त्या निवेदनावर चित्रं बसवायची. तिथे मी कसला लेखक? पण एक तारखेला पगार व्हायचा. श्रेयापेक्षा तो मागा.

रीळवाला
काका, तेही त्यातच आलं. संकलनाचा ठोक करार तीन महिन्यांचा, रफ कट (पहिली कच्ची जुळणी) चालतो नऊ महिने. गोष्टच सापडत नसते, म्हणून. ते शोधणं लेखन धरलं तर त्याचे वेगळे पैसे मागता येतील. 'एडिट लांबलं' म्हटलं की वरचे सहा महिने माझ्या खिशातून.

तिसरा_कप
मग धाग्याचं नाव 'मानधन' ठेवा. सही करतो. लेखनावर नाही.